ऐंशी पावलांची पट्टी

बेलीफ आला तेव्हा दोर चढलेला होता, आणि दोर चढलेला असताना आमच्या घरात कोणी कोणाशी बोलत नाही.

घरामागे आमची पट्टी आहे. रुंदीला दोन माणसं अंग चोरून शेजारून जातील एवढी आणि लांबीला ऐंशी पावलं. एका टोकाला चाक, दुसऱ्या टोकाला जमिनीत गाडलेला खुंट आणि त्याला फिरता आकडा. चाकावर जाऊबाई असतात. तीन पेड चाकापासून आकड्यापर्यंत ताणलेले असतात, आणि हे त्या तिन्ही पेडांमध्ये तीन खाचांचा लाकडी ठोकळा धरून खुंटाकडून चाकाकडे येत असतात. ठोकळ्याच्या मागे दोर तयार होत येतो. जाऊबाईंनी चाक हलकं केलं की हे पाऊल आखूड टाकतात. यांनी ठोकळा दाबला की त्या हात जड करतात. मध्येच एकाचा जरी हात थांबला तरी पीळ उलटा पळतो, दोराला गाठाळी येते, आणि तसला दोर कोणी होडीला बांधत नाही की विहिरीत सोडत नाही.

म्हणजे एकेका दोरामागे माझा नवरा ऐंशी पावलं त्या बाईकडे चालत येतो. दिवसातून सहा वेळा. मी ओट्यावर घायपाताच्या पानांतून काढलेला वाख विंचरत बसलेली असते, मांडीवर आठ महिन्यांची ठमी, आणि विंचरलेल्या वाखातली कुसळं तिच्या गालाला टोचू नयेत म्हणून मी अर्धी वाकडी.

बेलीफाच्या हातात फाईल होती. मागे खांद्यावर खुंट्यांची मोळी घेतलेले दोन मजूर. मी तोंडावर बोट ठेवून त्याला खुणेनेच थांबवलं. तो बिचारा थांबलाही. आमच्या दोरासाठी कोर्टाचा माणूस पाव तास उन्हात उभा राहिला आणि शेवटी शेवटी मान लांब करून कौतुकाने बघायला लागला.

दोर उतरला. यांनी खांद्यावरच्या पंच्याने मान पुसली.

"तुमच्यावर निकाल झालाय," बेलीफ म्हणाला. "खुंटाकडची तीस पावलं शेजारच्यांच्या हद्दीत येतात, ती त्यांना द्यायची."

शेजारी म्हणजे फरशीवाला. मागच्या साली त्याने पलीकडची जागा घेतली. दिवसभर फरश्या कापतो, आणि ती पांढरी धूळ आमच्या ओल्या सुतावर बसते.

"कसला निकाल?" हे म्हणाले. "दावा कधी झाला?"

"झाला ना. तारखा पडल्या, तुम्ही आला नाहीत. मग कोर्ट त्यांचंच ऐकणार. एकतर्फी झालाय."

"अहो, पण आम्हाला कागदच आला नाही!"

"आलाय. थंडीतच आलाय." बेलीफाने फाईल चाळली. "घरातल्या बाईने सही करून घेतला, अशी नोंद आहे."

घरात बायका दोन. यांनी आधी जाऊबाईंकडे पाहिलं. पायाखालची जमीन जात होती, आणि माझं मन मात्र तेवढ्यावरच अडकलं, की पाहिलं ते आधी तिच्याकडे.

"मी नाही घेतला, भावजी," जाऊबाई म्हणाल्या. मग दोघांनी माझ्याकडे पाहिलं. मी ठमीचं नाक पुसायला लागले. तिचं नाक स्वच्छ होतं.

"आज नुसतं सांगून जातो," बेलीफ म्हणाला. "आठव्या दिवशी दुपारी तीनला ताबा. तोवर काय करायचं ते करा." मजुरांनी खुंट्यांची मोळी आमच्याच भिंतीला टेकवून ठेवली. उगाच ओझं परत कशाला न्यायचं.

कागद मीच घेतला होता.

तेव्हा ठमी तीन महिन्यांची होती. तिच्या आधी सूत मी काढायचे. कमरेला वाख बांधून मागे मागे चालायचं आणि बोटांतून धागा सोडत जायचा. सातव्या महिन्यात ते सुटलं. जाऊबाई म्हणाल्या, तू बस, आम्ही बघतो. आम्ही! थोरले दीर जाऊन तीन वर्षं झाली होती, चाकावर त्या तेव्हापासूनच आहेत, त्यात नवं काही नव्हतं. नवी होते मी, ओट्यावर बसून बघणारी. यांना तहान लागली की त्या न विचारता तांब्या पुढे करायच्या. यांचा खांदा दुखला की त्यांना चाकाच्या ओढीवरून कळायचं. मला रात्रंदिवस शेजारी असून कळायचं नाही. कधी दोर उतरल्यावर दोघं एकदम हसायचे. मी विचारायचे, "काय झालं?" तर हे म्हणायचे, "काही नाही गं, मधला पेड रुसला होता आज." त्यावर ती परत हसायची. आता पेड रुसण्यात हसण्यासारखं काय आहे, हे मला आजतागायत कळलेलं नाही.

त्या दिवशीही दोर चढलेला होता, म्हणून कागदवाल्याला मी पुढच्या दारातच गाठलं. सही केली. वर यांचं नाव होतं आणि त्याच्या शेजारी, मध्ये फक्त 'आणि', जाऊबाईंचं. एका ओळीत. पुढे बारीक अक्षरं होती, ती मी वाचलीच नाहीत. त्या एका ओळीतच मी दहा वेळा वर-खाली झाले. लग्न माझ्याशी झालं, लेक माझी झाली, आणि बाहेरचं जग मात्र जोडी म्हणून ही दोन नावं लिहितं. जागा दोघा भावांच्या नावावर होती, दीर गेल्यावर त्यांचं नाव तिथे लागलं, हे मला ठाऊक होतं. ठाऊक असून काय उपयोग?

मी तेव्हा सुतळीचे गुंडे वळत होते. गुंड्याला आत काहीतरी घडी लागते, नाहीतर तो पोकळ राहतो आणि बसतो. जुनं वर्तमानपत्र, पुठ्ठा, ठमीच्या औषधाचं खोकं, हाताला येईल ते आम्ही आत घालतो. मी तो कागद चार घड्या घालून आत ठेवला आणि वर सुतळी वळायला लागले. संध्याकाळी काढून देऊ असं मनात होतं, हे खरं. वळताना बरं वाटत होतं, हेही खरं. मग ठमीला ताप भरला. चार दिवसांनी ती हसली तेव्हा गुंडे बाजारात गेलेले होते, दीडशेच्या दीडशे, आणि मला कागद आठवला तोही असा, की जाऊ दे, असेल काही घरपट्टीचं.

शहरात वकीलबाईंच्या खोलीत एक टेबल, दोन खुर्च्या आणि एक बाक होता. खुर्च्यांवर हे आणि जाऊबाई बसले, कारण दावा त्यांच्यावर. मी ठमीला घेऊन बाकावर. मागून बघितलं तर दोघांचे खांदे सारखे झालेले दिसतात, एकाच बाजूला झुकलेले.

वकीलबाई बोलताना पेनाचं टोपण उघडमिट करायच्या. "दोन अर्ज टाकायचे. एक, हा एकतर्फी निकाल रद्द करा, आमचं ऐकून घ्या. त्याला वेळ लागतो. दुसरा, तो होईपर्यंत या निकालाची अंमलबजावणी थांबवा. स्थगिती. तुम्हाला आत्ता ही हवी. एकदा तीस पावलं गेली, तिथे त्याने भिंत घातली, की मग निकाल रद्द झाला तरी भिंत पाडत बसा दहा वर्षं."

"तीस गेली तर राहिली पन्नास," हे म्हणाले. "पिळात तिसरा हिस्सा जातो. तेवढ्या दोरात विहिरीचा तळ लागत नाही, बाई. पावसाळ्यात दोर वळता येत नाही. हे दोन महिने आमचे."

"ते मी लिहिते. पण न्यायाधीश पहिलं विचारणार, आला का नाहीत? ही सही कोणाची?" त्यांनी कागदाची नक्कल पुढे सरकवली.

सही दोघांनीही पाहिली. मी 'स'ला मागे एक शेपूट काढते. दुकानातल्या यादीवर, डब्यांवरच्या चिठ्ठ्यांवर, सगळीकडे. यांना ते दिसलं की नाही कोण जाणे, पुरुषांना डब्यांवरच्या चिठ्ठ्या दिसत नाहीत. जाऊबाईंना दिसलं. त्यांनी मागे वळून पाहिलं नाही.

"माझी समजा," त्या म्हणाल्या.

"समजा काय? तुमची आहे का?"

"आहे. मी घेतला. विसरले."

"मग संपलंच," वकीलबाईंनी टोपण लावलं. "तुमच्याच नावाचा कागद तुम्हीच घेतलात आणि आला नाहीत. अर्ज कशाला टाकायचा?"

"वहिनी," हे हळूच म्हणाले, "तुम्ही कशाला अंगावर घेता? बाई, लिहा, कागद आलाच नाही. सही कोणाची आम्हाला माहीत नाही."

"खोटं लिहिलेलं उलटलं तर मी तुम्हाला वाचवू शकणार नाही," वकीलबाई म्हणाल्या.

मी यांच्या चेहऱ्याची एक बाजू बघत होते. ते जाऊबाईंकडे बघत होते. केवढी मोठी बाई, असं त्या नजरेत लिहिलेलं होतं. मला खरेपणाचा उमाळा वगैरे आला असं मी म्हणणार नाही. चूक माझी, आणि त्या चुकीवरही पुन्हा तीच मोठी होणार, यांच्या मनात आयुष्यभर तिची ही गोष्ट राहणार, हे मला सोसवलं नाही. म्हणून मी उभी राहिले.

"सही माझी आहे. कागद मी घेतला. आणि सुतळीच्या गुंड्यात घातला."

"गुंड्यात?" वकीलबाईंनी विचारलं.

"आत काहीतरी लागतं ना, म्हणून."

वकीलबाई टोपण काढून लिहायला लागल्या. "आणि यांना का नाही सांगितलंत?"

मी ठमीला या कडेवरून त्या कडेवर घेतलं. "दोघांचीच नावं होती त्यावर," मी म्हणाले. "एका ओळीत."

हे समजायला यांना बसस्टँडपर्यंतचा वेळ लागला. तिथे पोचल्यावर ते थांबले, माझ्याकडे बघितलं, तोंड उघडलं, आणि पाण्याची बाटली घेऊन येतो म्हणून निघून गेले.

बाकावर आम्ही दोघी उरलो. जाऊबाईंनी हात मांडीवर उताणे ठेवले होते. चाकाच्या मुठीने तळव्यांना पडलेले घट्टे पिवळे, कडांना चिरलेले. इतक्या जवळून मी ते कधी पाहिले नव्हते.

"कागदावर नाव हवं होतं तुला?" त्या म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. "माझं खोडून घे. मला कुठे हौस आलीय? तुझा दीर गेला म्हणून लागलं ते नाव."

"ताई, मी..."

"तीन वर्षं मी ते चाक फिरवते. संध्याकाळी हात वर जात नाही, वेणी घालता येत नाही मला. आणि तू ओट्यावर बसून माझा हेवा करत होतीस! पोर मांडीवर घेऊन!" मग ठमीने त्यांचा पदर धरला आणि तोंडात घातला. त्यांनी तो सोडवून घेतला नाही, पण तिच्याकडे बघितलंही नाही.

पुढचे सहा दिवस घरात दोर चढलेला असावा तशी शांतता होती. हे दोघं काम करत होते, हसत मात्र नव्हते. मला वाटलं होतं ते हसले नाहीत की बरं वाटेल. नाही वाटलं. त्या सहा दिवसांत दोन दोरांना गाठाळी आली.

अर्जाची तारीख आठव्या दिवशीच पडली. सकाळी कोर्ट, दुपारी तीनला बेलीफ. हे म्हणाले, मी पट्टीवर थांबतो, पट्टी एकटी सोडायची नाही. म्हणून मी, जाऊबाई आणि ठमी पहाटेच्या पहिल्या गाडीने निघालो. गाडीत त्या खिडकीकडे तोंड करून बसल्या.

कोर्टाच्या खोलीत पंखा होता, पण तो फक्त न्यायाधीशांच्या डोक्यावर. फरशीवाल्याचे वकील उंच, गोरे, घसा खाकरत बोलणारे. ते म्हणाले, "घरातल्या सज्ञान बाईने कागद घेतला म्हणजे तो पोचला. आता ही नाटकं कशाला? असं चाललं तर उद्या प्रत्येक हरलेला माणूस घरातल्या बाईला पुढे करेल."

न्यायाधीशांनी मला पुढे बोलावलं. "तुम्ही कागद घेतलात?"

"हो."

"कुठे आहे तो?"

"गेला. गुंड्यात. कुठल्या गावाला गेला माहीत नाही."

मागे कोणीतरी हसलं. मग बरेच जण हसले. ठमी हसणाऱ्यांकडे बघून हसायला लागली, त्यावर आणखी हसू.

"वाचला नव्हतात?"

"पहिली ओळ वाचली होती."

"मग?"

सात वर्षांच्या शाळेत मला कोणी इतकं उभं केलं नव्हतं. मी सांगितलं. नवरा आणि जाऊ एकत्र काम करतात, मी बाळंतीण म्हणून बाजूला बसलेली, कागदावर त्या दोघांचीच नावं. मला राग आला. म्हणजे राग नाही.

"म्हणजे?" न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं.

"जळत होते मी, साहेब."

या वेळी कोणी हसलं नाही. की हसले आणि मला ऐकू आलं नाही. जाऊबाई बाकावर जमिनीकडे बघत बसल्या होत्या. त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या मला इथून दिसत होत्या. एवढ्या परक्या माणसांसमोर मी त्यांनाही उभं केलं, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं.

न्यायाधीश थोडा वेळ लिहीत होते. मग म्हणाले, कागद पोचला की नाही यावर दोन्ही बाजूंचं नंतर ऐकू. या बाईंनी स्वतःला लाज वाटेल असं कारण सांगितलंय, खोटं सांगायचं असतं तर याहून बरं सुचलं असतं. अर्जाचा निर्णय होईपर्यंत निकालाच्या अंमलबजावणीला स्थगिती. जागा आहे तशी राहील, तिथे कोणी काही बांधायचं नाही, काढायचं नाही. एक जरी तारीख चुकली तर स्थगिती उठेल.

"चुकणार नाही," जाऊबाई बाकावरून म्हणाल्या. त्यांना कोणी विचारलं नव्हतं.

आदेशाची नक्कल शिक्का मारून हातात पडेपर्यंत एक वाजला. कारकुनाच्या खिडकीपाशी जाऊबाईंनी दोन्ही हात कट्ट्यावर असे रोवले होते, की त्याला जेवायला उठता आलं नाही. गाडीने आम्हाला फाट्यावर उतरवलं तेव्हा पावणेतीन. तिथून घर अर्ध्या तासाचं.

"पोर इकडे दे," जाऊबाई म्हणाल्या. "आणि पळ. माझे गुडघे नाहीत पळायचे."

मी ठमीला त्यांच्याकडे दिलं, चपला हातात घेतल्या, कागद पोलक्यात खोचला आणि पळाले. रस्ता तापलेला. दूध भरून आलेलं, छाती दगडासारखी, प्रत्येक पावलाला कळ. मागे ठमी रडत होती. मग रडणं ऐकू येईनासं झालं. लांब राहिलं म्हणून, की जाऊबाईंजवळ थांबलं म्हणून, एवढ्यातही मला तोच प्रश्न पडला.

पट्टीवर पोचले तेव्हा तीन खुंट्या ठोकून झाल्या होत्या. फरशीवाला सावलीत घरून आणलेल्या खुर्चीवर बसला होता. चौथी खुंटी यांनी दोन्ही हातांनी धरून ठेवली होती आणि मजूर घण उचलून उभा होता.

"सोडा हो, हाताला लागेल," मजूर म्हणत होता.

"लागू दे."

"थांबा!" मी ओरडले. दोर चढलेला नव्हता, पण मी त्या पट्टीवर ओरडले ती पहिल्यांदाच. दचकून मजुराच्या हातून घण सुटला आणि यांच्या उजव्या अंगठ्यावर आला.

बेलीफाने कागद वाचला. शिक्का बघितला, तारीख बघितली, परत वाचला. "स्थगिती आहे," तो म्हणाला. "काढा रे खुंट्या."

"चार दिवसांचा खेळ आहे," फरशीवाला उठून म्हणाला. "खुंट्या राहू द्या तिथेच. परत याल तेव्हा हाताशी असतील."

"आहे तशी म्हणजे आहे तशी," बेलीफ म्हणाला. "मला काय, ठोक म्हटलं ठोकतो, काढ म्हटलं काढतो." त्याने मात्र तीनही भोकं स्वतः पायाने बुजवली आणि वर उभं राहून माती दाबली.

यांचा अंगठा दोऱ्याच्या गुंड्याएवढा सुजला. मी ओलं फडकं बांधत होते. "माझ्यामुळे," मी म्हणाले.

"हो," हे म्हणाले. मग थोड्या वेळाने, "मला विचारायचं होतंस. एवढं काय गं असतं त्यात? पेड, पीळ, सूत."

"तेवढंच मलाही हवं होतं," मी म्हणाले.

जाऊबाई तेवढ्यात आल्या. पदर सुटलेला, ठमी खांद्यावर गाढ झोपलेली. त्यांनी पट्टीकडे या टोकापासून त्या टोकापर्यंत पाहिलं, मग यांच्या अंगठ्याकडे.

"पंधरा दिवस तरी हा हात ठोकळा धरणार नाही," त्या म्हणाल्या. "आणि सूत कोण काढणार?"

मी फडक्याला गाठ मारली.

"उद्यापासून तू ये," त्या मला म्हणाल्या. "भावजी पोर सांभाळतील. सहाला ये. उशीर केलास तर मी वाट बघणार नाही."

सकाळी मी कमरेला वाख बांधला. बाळंतपणानंतर कंबर रुंद झाली होती, गाठ पूर्वीच्या जागी बसेना. जाऊबाईंनी येऊन ती सोडली आणि घट्ट बांधली, जरा जास्तच घट्ट. धाग्याचं टोक चाकाच्या आकड्याला अडकवलं, चाक फिरलं, आणि मी मागे मागे चालायला लागले. पहिली दहा पावलं धागा जाड-बारीक येत होता. वाखाचं कुसळ बोटात घुसलं, रक्त आलं, सूत लाल झालं. जाऊबाईंनी फक्त चाक हलकं केलं. मी पाऊल आखूड टाकलं. विसाव्या पावलाला बोटांना आठवायला लागलं. चाळिसाव्याला मी बोटांकडे बघणं सोडलं. पन्नासावं पाऊल गेलं, आणि मी त्या तीस पावलांत शिरले. जमीन इथे जरा भुसभुशीत होती.

तेवढ्यात ओट्यावर ठमी हसली. खळखळून, पोट धरून हसावं तशी. यांनी तिला डाव्या हाताने वर उचललं होतं आणि बांधलेला अंगठा तिच्या नाकासमोर नाचवत होते. अशी हसत नाही ती माझ्याजवळ. आठ महिने मी मांडीवर घेऊन बसले, कुसळं टोचू नयेत म्हणून वाकडी झाले, आणि हा माणूस एका सकाळीत तिला असं हसवतो? ते दोघं तिकडे आणि मी इथे लांब, कमरेला वाख बांधून. छातीत तेच ओळखीचं जळायला लागलं.

"अगं ए बाई!" चाकावरून जाऊबाईंचा आवाज आला. सूत चढलेलं असताना त्या आयुष्यात पहिल्यांदा ओरडल्या असतील. "तिकडे काय बघतेस? इकडे बघ, इकडे! पीळ पळतोय!"